घेऊन जाणाऱ्याचं नाव

हे मृत्युपत्र मी नऊ दिवस टाळलं. पहिल्या दिवशी पेन नव्हतं. दुसऱ्या दिवशी आमच्या दिवेवाल्या बिंग-केईने पेन आणलं तर कागद रेघांचा निघाला, आणि रेघांच्या कागदावर मला लिहिता येत नाही, शाळा आठवते. तिसऱ्या दिवशी ताप होता. चौथ्या दिवशी ताप नव्हता, आणि इतकं बरं वाटत होतं की मृत्युपत्र म्हणजे अपशकुन वाटला. पुढचे दिवस खाली किनाऱ्यावर एक माणूस नावेचं बूड खरवडत होता ते खिडकीतून बघण्यात गेले. त्याचं काम संपलं की लिहू म्हटलं. काल त्याचं संपलं.

शेजारच्या पलंगावर यिपकाका आहेत. त्यांनी चाळीस वर्षं टपाल कचेरीबाहेर टेबल टाकून लोकांची पत्रं, अर्ज आणि मृत्युपत्रं लिहिली. ते आज सकाळी पेज पिता पिता म्हणाले, "पोरा, तुला मरायला सवड आहे, लिहायला नाही होय?" म्हणून बसलो.

तर मी, मोक फेई, वय एकतीस, जन्मल्या दिवशीच एक धरणाऱ्या आमच्या मोजणीने बत्तीस, धंदा सिनेमात नट आणि दिग्दर्शक, कायमचा पत्ता असा कधी नव्हता, सध्या राहणार शाम-शुई-पो, हाँगकाँग, आणि सध्याच्या सध्या राहणार छातीच्या आजाराचं इस्पितळ, दुसरा मजला, पलंग सतरा, लिहून ठेवतो की माझं डोकं ठिकाणावर आहे. मला कुणी धमकावलेलं नाही. मी प्यालेलो नाही. बाटली नर्स फोंगबाईंनी जप्त केली आहे, त्या सांगतील. डोकं ठिकाणावर असल्याचा पुरावा काय द्यायचा, असं यिपकाकांना विचारलं. ते म्हणाले, आजची तारीख आणि गव्हर्नराचं नाव लिही. तारीख शेवटी लिहितो. गव्हर्नराचं नाव आठवत नाही, पण ते मला धडधाकट असतानाही आठवत नव्हतं.

यापूर्वी मी मृत्युपत्र केलेलं नाही, म्हणून रद्द करण्यासारखं काही नाही.

उद्या मंगळवारी सकाळी आठ वाजता माझ्या डाव्या फुप्फुसाचा वरचा भाग कापून काढायचा असं ठरलं आहे. होईलच असं नाही. इस्पितळाचा एक छापील कागद आहे. त्यात नाव, वय, गाव, बाप, आई असे रकाने आहेत आणि सगळ्यांत खाली आहे, "रुग्णास, जिवंत अथवा मृत, घेऊन जाणाऱ्याचे नाव, नाते व सही." हा रकाना भरल्याशिवाय टेबलावर घेत नाहीत. पूर्वी म्हणे लोक माणसं आणून सोडायचे आणि मग दिसायचेच नाहीत. बाप, आई या दोन्ही ठिकाणी मी "नाही" लिहिलं आहे आणि ते खरं आहे. खालचा रकाना कोरा होता म्हणून कागद दोनदा परत आला, शस्त्रक्रिया दोनदा पुढे गेली. कापणारे डॉक्टर बुधवारच्या बोटीने सहा महिन्यांच्या रजेवर जात आहेत. तोवर माझं फुप्फुस थांबणार नाही, हे त्यांनी मला हाताची मूठ हळूहळू मिटून दाखवलं. मला वाटलं, काय अभिनय आहे; या माणसाला सिनेमात घ्यायला हवा.

मी विचारलं नाही असं नाही. पण आमच्या पंचांगाचं वर्ष संपायला आलं आहे, नवं वर्ष दहा दिवसांवर. अशा दिवसांत "मृत" छापलेल्या कागदावर सही करणारा सिनेमावाला शोधून दाखवा. कंपनीचे मॅनेजर संत्री घेऊन आले होते. त्यांनी कागद त्या शब्दापर्यंत वाचला, संत्री खाली ठेवली, म्हणाले नव्या वर्षाच्या चित्रपटाला उशीर होतोय, आणि टोपी विसरून गेले. टोपी खुंटीला आहे. ती त्यांना परत करावी. हे कलम समजावं. नटांच्या संघाच्या चिटणीसाने निरोप पाठवला की सणानंतर जरूर.

राहिला तोंग बिंग-केई. हा दिवे लावणारा, माझ्या बावीसच्या बावीस चित्रपटांचा उजेड याचा. जगात माझा मित्र म्हणावा असा हा एकच. त्याने कागद हातात घेतला, बराच वेळ धरला आणि परत दिला. "फेई, मृत्युपत्रावर दहा सह्या माग. त्या ओळीवर नको रे. बायकोला आठवा महिना आहे."

पोटुशी बाई ज्या घरात असते तिथलं माणूस मरणाच्या वस्तूला शिवत नाही. मीही सही केली नसती. त्याच्यावर राग नाही, हे इथे मुद्दाम लिहितो, कारण तो हे वाचणार आहे आणि आधीच त्याचं तोंड एवढंएवढं झालं आहे.

आता मालमत्ता.

पहिलं, घर. घर नाही. एका माडीवर फळ्या ठोकून केलेल्या सात खोल्यांतली पाचवी माझी. पाय लांब केले की पलीकडच्या शिंप्याच्या भिंतीला लागतात. तो आतून टकटक करतो, मी टकटक करतो. दोन वर्षांत आमची एवढीच ओळख. मी तिकडे परत गेलो नाही तर त्याने मधली फळी काढून घ्यावी आणि पाय लांब करावेत. माझी सायकलही त्याचीच. त्याला चालवता येते का ते ठाऊक नाही.

दुसरं, नाटकाचे जाड तळव्यांचे बूट, एक जोड, काळे, डावा उसवलेला. हे कुणाला ते लिहिण्याआधी हे कुठून आले ते सांगायला हवं. यिपकाका म्हणतात सांगायला नको, मृत्युपत्रात वस्तू लिहितात, वस्तूची आजी-पणजी नाही. पण मृत्युपत्र माझं आहे.

मी नऊ वर्षांचा असताना चुलत्याने मला एका नाटक मंडळीच्या हवाली केलं. आमच्या मुलखात मंडळ्या लाल रंगाच्या नावांवर राहायच्या, नदीनदीने गावोगाव फिरायच्या, देवळापुढे बांबूचा मांडव घालून खेळ करायच्या. करार सहा वर्षांचा, अंगठा चुलत्याचा. माझी अडीच वर्षांची शाळा तिथे संपली. पुढची अक्षरं मी नाटकाच्या वह्यांतून उचलली, म्हणून मला "सेनापती" आणि "विश्वासघात" न चुकता लिहिता येतं, "बटाटा" लिहायला विचारावं लागतं.

मंडळीत लढवय्या नायकाचं काम करायचे वस्ताद चाक वान-हिन. पहिल्याच दिवशी मी पळून जायला पाण्यात उडी मारली. पोहता येत नव्हतं. वस्तादांनी शेंडीला धरून वर ओढलं, मला उलटं करून पाणी काढलं आणि म्हणाले, "पळायचंय तर आधी पोहायला शीक. मी शिकवतो. मग खुशाल पळ." त्यांनी शिकवलं. त्यानंतर मी चार वेळा पळालो. माझ्या पायांना एका जागी खाज सुटते, ते अजून तसंच आहे. पण दर वेळी परत आलो, कारण वस्तादांची बायको, जिला सगळी मंडळी माई म्हणायची, माझ्या वाटची पेज झाकून ठेवायची. दोन दिवसांनी आलो तरी पेज असायची, वीस दिवसांनी आलो तरी असायची. ती रोज नवी करून झाकत होती हे माझ्या डोक्यात फार उशिरा आलं.

मग जपानी आले. नावा जळाल्या, मंडळी पांगली. वस्ताद, माई आणि मी चालायला लागलो ते सात वर्षं चाललो. बाजाराच्या गावात वस्ताद तलवारीचे हात करायचे, मी कोलांट्या मारायचो, माई थाळी फिरवायची. वस्तादांचे हे बूट मी गळ्यात अडकवून चालायचो. रस्त्याने ते अनवाणी, मीही अनवाणी, बूट तेवढे मोठ्या माणसासारखे माझ्या छातीवर. डोंगरातल्या एका गावात मला बिबट्या दिसला होता, ती वेगळी गोष्ट आहे, आणि यिपकाका माझ्याकडे बघतायत.

लढाई संपल्यावर आम्ही हाँगकाँगला आलो आणि वस्ताद म्हणाले, आता हे तुझे. त्यांचा पाय सुजायचा, बूट चढत नव्हते. ते आता पेनांगला, थोरल्या मुलीकडे असतात. बूट त्यांना बोटीने पाठवावेत. ते परत पाठवतील. परत आले तर बिंग-केईने ते त्याच्या स्टुडिओतल्या खुंटीला लावावेत आणि कुणा दुय्यम नटाला घालू देऊ नयेत.

तिसरं, पत्र्याचा भोंगा. सिनेमात मी मेलेला म्हणून आलो. खरंच, पहिली सतरा कामं प्रेताची. पडायला मला छान यायचं आणि श्वास रोखायला यायचा (आता बघा त्या छातीचं काय झालं). आमच्या धंद्यात एक रिवाज आहे. पडद्यावर जो मरतो त्याला उठल्या उठल्या दिग्दर्शकाने लाल पाकीट द्यायचं, आत काय आहे याला महत्त्व नाही. त्याने ते दोन्ही हातांनी घ्यायचं, गोड खायचं, पपनसाच्या पानांच्या पाण्याने तोंड धुवायचं. याला आम्ही "उठवणं" म्हणतो. उठवल्याशिवाय माणूस सेटवरून घरी जात नाही. सेटवरच्या देव्हाऱ्यात मेलेल्याचा फोटो लावायचा असेल तर ज्या जिवंत माणसाचा फोटो आहे त्याला आधी विचारायचं, मग त्यालाही तसंच उठवायचं. इंग्रजी शिकलेले, मोटारीतून येणारे नटसुद्धा यात हयगय करत नाहीत.

मी त्रेचाळीस वेळा मेलो आणि त्रेचाळीस वेळा मला रीतसर उठवण्यात आलं. सिनेमावाल्यांबद्दल माझं एवढं बरं म्हणणं लिहून ठेवावं.

भोंगा मिळाला तो असा. आमचे चित्रपट सात दिवसांत व्हायचे. नट एका स्टुडिओत सकाळी राजा आणि दुसऱ्यात दुपारी टांगेवाला; संवाद कुणाला पाठ नसायचे, कॅमेऱ्याखाली उकिडवा बसलेला माणूस वाचून दाखवायचा. एका चित्रपटात तिसऱ्या दिवशी दिग्दर्शक आलेच नाहीत. कुणी म्हणालं मकावला गेले, कुणी म्हणालं सासरी. नायकाचा धाकटा भाऊ मी होतो, आणि पुढे काय होणार ते फक्त मला माहीत होतं, कारण कथा नाटकातून चोरलेली होती आणि ती मी नावेवर शंभर वेळा पाहिली होती. त्यांचा ओरडायचा भोंगा खुर्चीवर पडला होता. मी उचलला. चोविसाव्या वर्षी दिग्दर्शक झालो तो असा. वस्तादांना सांगितलं तेव्हा ते म्हणाले, "म्हणजे आता तू ओरडणार आणि मी ऐकणार?" आणि माझ्या पुढच्या दोन चित्रपटांत त्यांनी खरंच ऐकलं, बापाची कामं केली, एकदाही मला सेटवर फेई म्हणाले नाहीत, दिग्दर्शक म्हणाले. मला त्याची लाज वाटायची आणि फार बरंही वाटायचं.

भोंगा बिंग-केईला. त्याला दिग्दर्शन करायची इच्छा आहे, ती तो लपवतो.

माझे बावीस चित्रपट कुठे आहेत असं कुणी विचारलं तर सांगावं की बहुतेक फिती चांदी काढायला वितळवल्या. उरलेल्याचं लाकडाचं रोगण झालं म्हणतात. कुणाच्या तरी कपाटावर मी चकाकत असेन. माझ्याकडे एका चित्रपटाचे तीन डबे आहेत, पहिला, चौथा आणि पाचवा. ते कुणाला देत नाही. कोणता चित्रपट ते पुढच्या कलमात येईल.

माझा चौथा चित्रपट, ज्याचा शेवट वितरकाने कापला, त्याबद्दल त्याला मी माफ केलेलं नाही. मरतानाही करणार नाही. यिपकाकांनी विचारलं, मृत्युपत्रात माफी नाकारता येते का? ते स्वतःच म्हणाले, लोक मुख्यतः त्यासाठीच लिहितात.

चौथं, रंगाची पेटी. पेटी, आतल्या दाढ्या, मिशा, दोन टकलं. दाढ्या मिशा संघाला, सणानंतर. पेटीचं झाकण नुसतंच आहे. तिथे आतून एक फोटो होता, वस्तादांचा, लांब झग्यातला, सत्तेचाळीस सालचा. रंग लावताना मला तो समोर लागायचा.

आता लिहायचं ते सहा वर्षांत कुणाला सांगितलेलं नाही. यिपकाका, तुम्ही खिडकीकडे तोंड करा.

"तिसऱ्या मजल्यावरची सून" हा चित्रपट करत होतो. पाचवा दिवस. दुपारी बारा वाजता दुसऱ्या कंपनीला सेट मोकळा करून द्यायचा होता. विधवा सासू देव्हाऱ्यासमोर उदबत्ती लावते असा प्रसंग. चौकट आली, फोटो आला नाही. सामानवाला म्हणाला, कुणाला तरी विचारून आणायला तास लागेल. मी पेटी उघडली आणि झाकणातला फोटो काढून चौकटीत बसवला. मनाशी म्हटलं, लांबून तीन सेकंद दिसेल, धूसर, कुणाच्या लक्षात यायचं नाही.

सासूचं काम करणाऱ्या बाई वस्तादांना तीस वर्षं ओळखत होत्या. त्यांनी उदबत्ती लावली, वर पाहिलं आणि संवाद विसरल्या. त्या खरंच रडायला लागल्या. कॅमेरेवाल्याने माझ्याकडे पाहिलं. मी बोटाने खूण केली, जवळ जा. आणखी जवळ. वस्तादांचा चेहरा अख्ख्या पडद्याएवढा झाला, पुढे धूर. मी केलेल्या सगळ्या कामात तेवढं एकच दृश्य चांगलं आहे.

सगळ्यांना मी सांगितलं की गडबडीत पाकीट द्यायचं राहिलं. राहिलं नव्हतं. दोन महिने पाकीट माझ्या खिशात होतं. ते दिलं असतं तर कशाचं ते सांगावं लागलं असतं, आणि वस्तादांनी ते दृश्य काढायला लावलं असतं. मला ते दृश्य हवं होतं. त्यांना न उठवता मी ते ठेवलं. हे माझं म्हणणं पूर्ण शुद्धीत, कोणाच्याही दडपणाशिवाय.

पहिल्या खेळाला वस्ताद आणि माई चौथ्या रांगेत होते, साखरेतली कमळाची बी खात. पडद्यावर तो चेहरा आल्यावर मागून कुणीतरी ओळखून हसलं, मग थिएटर गप्प झालं. मी मागच्या दारात उभा होतो. माईने त्यांचा हात धरलेला दिसला. ते शेवटपर्यंत बसले. बाहेर लोक मला शाबासकी देत होते तेव्हा ते माझ्याजवळ आले आणि हळूच म्हणाले, "फेई, तू मला तिथे बसवलंस. ठीक. पण उठवलं नाहीस."

त्यानंतर एकाहत्तराव्या दिवशी माई भाजी धुताना कोसळली आणि गेली.

डॉक्टर म्हणाले, मेंदूतली नस. मीही तेच म्हणतो, दिवसा. मी जाडंभरडं पांढरं कापड गुंडाळून मुलाच्या रांगेत उभा राहायला गेलो. वस्ताद दारातच होते. ते ओरडले नाहीत. "माझ्या घरातलं एक तू देव्हाऱ्यात मांडलंस, दुसरं मरणाने नेलं. आता जा." मी समोरच्या हाडवैद्याच्या पाटीखाली उभा राहून माईला जाताना पाहिलं आणि मग कामावर गेलो, कारण दोन वाजता सेट होता. त्या दिवशी एक विनोदी प्रसंग घेतला. लोक अजून त्याला हसतात.

महिन्याभरात वस्ताद पेनांगला निघून गेले. हाँगकाँगच्या धक्क्याला पुन्हा पाय लावणार नाही असं बोटीवर चढताना म्हणाले, असं बिंग-केई सांगतो. मी तीन पत्रं पाठवली. यिपकाकांना तेव्हा ओळखत असतो तर त्यांच्याकडून लिहून घेतली असती, माझं अक्षर बघूनच ती परत आली असावीत. तिन्ही न फोडता आली. मग मीही पत्र लिहिणं सोडलं आणि फिरत राहिलो. सिंगापूर, मनिला, पुन्हा सिंगापूर, जिथे कुणी काम देईल तिथे. पेनांगवरून दोनदा बोट गेली. दोन्ही वेळा मी डेकवर उतरायच्या कपड्यांत बसून राहिलो.

या आजाराचं त्यांना कळवलेलं नाही. कळवूही नये, मी गेल्याखेरीज. एक तर ते सत्तरीला आलेत. दुसरं, पांढऱ्या केसांनी काळ्या केसांना पोचवायचं नसतं, हे त्यांनीच मला शिकवलं. नावेवर एक पोर तापाने गेलं तेव्हा त्याच्या आजाला त्यांनी दोरीने बांधून ठेवलं होतं, तिरडीमागे जाऊ नये म्हणून.

आता ते डबे. पहिला, चौथा, पाचवा "तिसऱ्या मजल्यावरच्या सुने"चे. चौथ्यात तो चेहरा आहे. सहा वर्षं मी तो जवळ ठेवला. जाळायचं म्हणून ठेवला आणि जाळला नाही. बिंग-केईने तो चौथा डबा एकदा उघड्यावर, दिवसाउजेडी पूर्ण उलगडावा, म्हणजे सगळ्या चौकटी उन्हात येतील, आणि मग जाळावा. बाकीचे दोन जिथे रोगण करतात तिथे द्यावेत.

पाचवं, एक लिहिलेली कथा, नव्वद पानं, त्यात चहाचे डाग माझे आणि जळालेला कोपरा बिंग-केईच्या दिव्याचा. लाल नावांवरच्या मंडळीची गोष्ट आहे. कंपन्या म्हणाल्या, नावा आता कुठून आणणार? त्यातलं वस्तादाचं काम एकाच माणसासाठी लिहिलं आहे. तो मिळाला नाही तर ती भूमिका दुसऱ्या कुणाला देऊ नये. तो बसतो तिथे नुसती चटई दाखवावी आणि बाकीच्यांनी तिच्याकडे बघून बोलावं. दिग्दर्शन भोंगेवाल्याचं.

सहावं, बँकेत जे असेल ते बिंग-केईच्या होणाऱ्या मुलाचं. मुलाचं नाव माझ्यावरून ठेवू नये.

सातवं, मी. कागदाचा शेवटचा रकाना तसाच राहिला तर उद्या टेबल नाही, आणि मग पुढे जे व्हायचं ते इथेच, सतरा नंबरवर होईल. तेव्हा इस्पितळाची माणसं बेवारशांना समुद्राकडच्या उतारावर नेतात, आकडा घातलेल्या दगडाखाली. वाईट जागा नाही, खिडकीतून दिसते. खाली नावा खरवडतात. मला नाटकाचं पुरेसं झालं आहे, ढोल-झांजा नकोत. माझा फोटो कुठल्याही चौकटीत, कुठेही लावू नये. दगडावर नाव घालता आलं तर पडद्यावरचं नको. नावेवर वस्तादांनी जे ठेवलं होतं, "ओला उंदीर", तेही अर्थात घालणार नाहीत. तेव्हा आकडाच बरा.

"वस्ताद चाक यांचा शिष्य" असं दगडावर घालायला मला आवडलं असतं. पण ते त्यांच्या परवानगीशिवाय घालता येत नाही, आणि न विचारता त्यांचं काही वापरायचं ते मी एकदा केलं आहे.

येणेप्रमाणे लिहिलं, वाचून पाहिलं, यिपकाकांनी सात ठिकाणी अक्षरं सुधारली आणि बिबट्याची गोष्ट काढून टाकायला सांगितली, ती काढलेली नाही. यात उल्लेखलेल्या वस्तूंवर कोणी नातेवाईक म्हणून हक्क सांगायला आला तर त्याला बसवून चहा द्यावा. मला त्याला बघायला आवडलं असतं.

ठिकाण: हाँगकाँग, इस्पितळ, दुसरा मजला.
तारीख: सोमवार, २१ जानेवारी १९५७, आमच्या पंचांगाने बाराव्या महिन्याचा एकविसावा दिवस.

सही: मोक फेई

साक्षीदार पहिला: यिप शू-मान, लेखनिक, पलंग अठरा. (मजकूर माझा नाही, फक्त अक्षरं सुधारली.)
साक्षीदार दुसरा: तोंग बिंग-केई, दिवेवाला. (डब्याचं आणि भोंग्याचं कबूल.)

सह्यांच्या खाली लिहिलेलं चालत नाही असं यिपकाका म्हणतात. तरी लिहितो, दुपारचे सव्वाचार झालेत.

नर्स फोंगबाई आत्ता जिना चढून धापा टाकत आल्या. फाटकापाशी एक म्हातारे गृहस्थ उभे आहेत. हातात ताडपत्रीत बांधलेला बोजा, पायांत चपला, अंगात पातळ सदरा. थंडीने ओठ निळे पडलेत पण आत येऊन शेकोटीपाशी बसायला तयार नाहीत. असा सदरा या दिवसांत दक्षिणेच्या बोटीवरून थेट उतरलेला माणूसच घालतो. फाटकावरच्याने त्यांना सांगितलं की भेटायची वेळ संपली. त्यावर ते जे बोलले ते म्हणे खालच्या तिन्ही दालनांत ऐकू गेलं, आणि ते ओरडलेसुद्धा नव्हते.

बिंग-केई छताकडे बघतो आहे. मी विचारलं, तार तू केलीस? तो म्हणतो, या छताला ओल आली आहे.

नर्सबाई माझ्याकडे बघून म्हणतायत, "अहो, तुम्ही तर लिहून दिलंत बाप नाही म्हणून. मग हे कोण? म्हणतात, 'भेटायला कोण आलंय, मी पोराला न्यायला आलोय. तो कागद आणा, सही कुठे करायची ते दाखवा.'"